जर्मन आणि रशियन : वैर रक्तातले की राज्यकर्त्यांचे?

जुनी वही
काल येथे एका सदस्याने लिहिले की, जर्मन आणि रशियन यांचे वैर रक्तातच आहे आणि जर्मनीने १९४१ मध्ये सोव्हिएत रशियावर केलेले आक्रमण अटळ होते. वाचून राहवले नाही. श्टेटिनला जन्मलेली जर्मन राजकन्या रशियाची सम्राज्ञी कॅथरीन झाली. तिने १७६३ च्या जाहीरनाम्यात जमीन, करमाफी आणि लष्करी सेवेतून सूट देऊ केली, म्हणून हजारो जर्मन व्होल्गाकाठी वसले. १९२२ च्या जर्मनी-रशिया रापालो करारानंतर, पहिल्या महायुद्धानंतरच्या व्हर्साय तहाने मना केलेले हवाई प्रशिक्षणही जर्मन सैन्याने रशियातल्या लिपेत्स्कलाच घेतले. हे कसले रक्तातले वैर?

अक्षांश
लिपेत्स्क ही वाळीत टाकलेल्या दोन राजवटींची सोय होती. त्याला स्नेह म्हणू नका. १९३९ चा हिटलर-स्टालिन अनाक्रमण करारही त्यातलाच. जर्मन सैन्याने लेनिनग्राडला घातलेला ८७२ दिवसांचा वेढा तुम्ही सोयीस्करपणे वगळलात. तिथे लाखो नागरिक उपासमारीने गेले आणि जर्मनांच्या कैदेत सुमारे ३० लाख सोव्हिएत युद्धकैदी मेले. हे एकट्या राज्यकर्त्यांच्या हातून घडलेले नाही.

पाणवठा
मी जर्मनीत कासेलजवळ राहते. शेजारच्या आजींच्या आईला २८ ऑगस्ट १९४१ च्या सोव्हिएत हुकमाने व्होल्गाकाठच्या गावातून उठवून कझाकस्तानात नेले. आजींचा जन्म तिथलाच. त्या शनिवारी रिवेलकूखन हा चुऱ्याचा जर्मन केक भाजतात. लोणी, साखर आणि मैदा बोटांनी चोळून त्याचा चुरा कणकेवर पसरताना त्या जी जुनी बोली बोलतात, ती इथल्या तरुणांना नीट कळत नाही. तिकडे शाळेत मुले त्यांना फॅसिस्ट म्हणायची, इथे दुकानात लोक रशियन म्हणतात.

अक्षांश
आजींचे दुःख खरे आहे, परंतु एका घरावरून दोन राष्ट्रांचा इतिहास ठरवता येत नाही. धागा भरकटतो आहे.

पाणवठा
भरकटतो आहे, असे म्हणूच नका! ज्यांनी रशियावर गोळी झाडली नव्हती, त्यांना केवळ जर्मन म्हणून गुरांच्या डब्यांत कोंबले. १९६४ मध्ये सरसकट ठेवलेला देशद्रोहाचा आरोप मागे घेतला, तरी गावी परतू दिले नाही. दोन्ही लोकांमधले नाते ज्यांच्या अंगावरून गेले, त्यांना बाजूला सारून आपण कोणाविषयी बोलणार?

जुनी वही
अक्षांश, वेढा मी वगळायला नको होता. साध्या सैनिकांचा वाटाही नाकारत नाही. मात्र त्या सैनिकांच्या मनात रशियन म्हणजे हीन माणूस हे वर्षानुवर्षे भरवले गेले होते. ते जन्माने आलेले नव्हते.

अक्षांश
'रक्तातले' हा शब्द चुकीचा, एवढे मान्य करतो. 'अटळ' हाही सोडतो. परंतु भरवलेले विष ज्यांनी घेतले, त्यांची जबाबदारी कमी होते, हे मी मान्य करणार नाही.