सात मिनिटांत वड काय करणार?

धूमकेतूच्या शेपटीतून पृथ्वी जाताना झाडांना सात मिनिटं जाणीव येते, ही वडाच्या तोंडून सांगायच्या तुमच्या गोष्टीची कल्पना झकास आहे. पण वरच्या प्रतिसादांत गोष्ट पुढे नेताना बहुतेकांनी झाडांना लगेच सूड घ्यायला लावलंय, ते नाही पटलं. वेगाचा हिशोब कुणी केलाच नाही!

मोहरीच्या कुळातल्या अरॅबिडोप्सिसचं पान कुरतडलं, की इशारा देणारी कॅल्शियमची लाट सेकंदाला साधारण एक मिलिमीटर सरकते (२०१८ चं संशोधन आहे). वडात हाच वेग धरला तर सात मिनिटांत मजल जेमतेम ४२ सेंटिमीटर. म्हणजे आमच्या बडोद्याच्या कमाटी बागेतल्या वडाच्या पारंबीला काही वाटलं, तर ते शेंड्याला कळेपर्यंत धूमकेतू कुठल्या कुठे. एका वडात शेकडो तुटक जाणिवा जागतील, 'मी' असा कुणीच नसेल. मला तर हेच जास्त भयंकर वाटतं.

लाजाळूचं वेगळं. तिचा इशारा सेकंदाला काही सेंटिमीटर धावतो, त्यामुळे सात मिनिटांत विचार पुरा करणारी बहुधा तीच. शिवाय ईथर हे भुलीचं औषध दिलं की ती मिटेनाशी होते, हे फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ क्लोद बर्नार यांनी एकोणिसाव्या शतकातच दाखवलं होतं. तेव्हा शेपटीतल्या वायूने ती जागी होण्याऐवजी गुंगलीच तर?

घटना रात्रीची ठेवणार असाल तर चिंच, शिरीष पानं मिटून बसलेले असतील, तेवढं सांभाळा. आणि निवेदक वडच हवा का? लाजाळूला घ्या की!