वसतिगृहातील विद्यार्थी आणि दूरचा वाहनतळ

विद्यापीठाच्या आवारात गाड्या लावायला जागा पुरत नाही, आणि बहुमजली वाहनतळ बांधला की हा प्रश्न सुटेल, असे मत मांडले जाते; ते मला अपुरे वाटते. दिवसा येऊन संध्याकाळी परतणाऱ्यांची वाहने त्याच जागांवर आळीपाळीने मावतात, म्हणून जागांपेक्षा जास्त वाहनांना तिथे उभे राहण्याचे परवाने देता येतात. वसतिगृहातील विद्यार्थ्याचे वाहन मात्र रात्रंदिवस उभे असते, त्यामुळे हा हिशेब त्याला लागू पडत नाही. परिणामी त्याच्या वाट्याला दूरचा वाहनतळ येतो, आणि प्रयोगशाळेतून रात्री उशिरा निघणाऱ्या किंवा नोकरीवरून परतणाऱ्या मुलीला गाडी आवाराच्या टोकाला लावून उरलेले अंतर एकटीने चालावे लागते. दिवे वाढवले की झाले, असे प्रशासनाला वाटते. पण फांद्यांनी झाकलेला दिवा किंवा दोन खांबांमधला काळोखाचा पट्टा नकाशावर दिसत नाही, त्यासाठी रात्री त्या वाटेने चालूनच पाहावे लागते. कर्मचाऱ्यांसाठी राखीव जागा संध्याकाळनंतर बहुधा रिकाम्याच असतात; त्या सकाळपर्यंत निवासी विद्यार्थ्यांना खुल्या करणे आणि दूरच्या वाहनतळापासून सुरक्षारक्षकाची सोबत मध्यरात्रीनंतरही उपलब्ध ठेवणे, हे बांधकामाची वाट न पाहता करता येईल. सकाळी गाडी हलवण्याची वेळ मात्र तासिका पाहून ठरवावी, नाहीतर दंडाच्या पावत्यांवरून नवाच वाद सुरू होईल.