मदत हवी आहे: 'सॉल्व्होलाइझ' म्हणजे नक्की काय होतं, आणि ते ऑपरेटरच्या सूचनापत्रकात कसं लिहावं?

मृद्गंध_नाशिक

नमस्कार मंडळी,

अंबड एमआयडीसीतल्या एका कारखान्याच्या इंग्रजी एसओपी (कामाच्या ठरलेल्या पद्धतीच्या सूचना) मराठीत करायचं काम माझ्याकडे आलंय. रिअ‍ॅक्टरशेजारी भिंतीवर लावायची पत्रकं आहेत, म्हणजे भाषा सोपी हवी, पण अर्थ ढिला पडून चालणार नाही. माझं बी.एस्सी. रसायनशास्त्रातच झालंय, पण त्यानंतर परीक्षानळीला हात लागलेला नाही.

गाडी अडलीय 'सॉल्व्होलाइझ' या क्रियापदाशी. बॅच संपल्यावर रिअ‍ॅक्टर धुण्याच्या भागात ते येतं. तळाशी उरलेलं बेंझॉइल क्लोराइड मिथेनॉलमध्ये 'सॉल्व्होलाइझ' होतं, म्हणून मिथेनॉल हळू सोडा आणि स्क्रबर (निघणारा वायू धुऊन शोषून घेणारं यंत्र) चालू ठेवा, असा मूळ मजकूर आहे. कुणीतरी आधी केलेली मराठी प्रत मला नमुना म्हणून दिलीय. तिच्यात हेच वाक्य 'उरलेले बेंझॉइल क्लोराइड मिथेनॉलमध्ये विरघळते' असं आहे. त्याच पानावर खाली मीठ पाण्यात विरघळतं, तिथेही 'विरघळते'. वाचणारा म्हणेल, नुसतं विरघळतंय ना, मग स्क्रबरचं काय एवढं?

विरघळणं आणि हे वेगळं, एवढं मला कळतं. पण पुढचं धूसर आहे. यात तोडणारा नेहमी द्रावकच असतो का? पाणी असेल तर हायड्रोलाइझ म्हणतात, मग ते याच्याच पोटातलं की वेगळं? दुसऱ्या एका पानावर प्लास्टिकच्या संदर्भात 'ग्लायकॉलिसिस' आलंय. तो शब्द मी जीवशास्त्रात ग्लुकोजसाठी शिकले होते. आणि मराठीत यासाठी एकच क्रियापद आहे का, की वाक्यच फोडून लिहावं?

जाणकारांनी मदत करावी. घाई आहे, पण चुकीच्या उत्तराची घाई नाही.

---

कडू_कारलं

'द्रावकापघटित होते' लिहा आणि मोकळ्या व्हा. ऑपरेटरला काही कळणार नाही, ऑडिटर मात्र खूश.

---

सातपूरचे_काका

कारलेबुवा, ऑडिटर संध्याकाळी घरी जातो. रात्रपाळीला रिअ‍ॅक्टरपाशी पोरगा एकटा असतो.

ताई, जुनी प्रत लावू देऊ नका. मी सातपूरला प्लँटवर नोकरी करून निवृत्त झालोय, असली रसायनं हाताळली आहेत. सरळ सांगतो.

विरघळण्यात पदार्थाचा रेणू शाबूत राहतो. साखर पाण्यात टाकली, पाणी आटवलं, साखर परत हातात. मिठाचे आयन सुटे होतात, पण पाणी उडवलं की मीठ परत मिळतं. सॉल्व्होलिसिसमध्ये द्रावकाचा रेणू स्वतः येऊन पदार्थाचा एक बंध तोडतो आणि तुटलेल्या जागी आपला तुकडा जोडतो. मग द्रावक कितीही उडवा, मूळ पदार्थ मिळत नाही. तिथे दुसरंच काहीतरी बसलेलं असतं.

तुमच्याच उदाहरणात बेंझॉइल क्लोराइडमधला क्लोरीन जातो, त्या जागी मिथेनॉलचा भाग येतो आणि मिथाइल बेंझोएट तयार होतं. सुटलेला क्लोरीन मिथेनॉलच्या हायड्रोजनला घेऊन हायड्रोजन क्लोराइड म्हणून निघतो. शिवाय उष्णता. गणित करून बघा. बेंझॉइल क्लोराइडचा रेणुभार साधारण १४०.६. म्हणजे १४ किलो माल उरला असेल तर जवळपास १०० मोल, आणि तेवढाच एचसीएल. नेहमीच्या तापमानाला वायू म्हणून मोजला तर सुमारे २,४०० लिटर. सगळा एकदम बाहेर येत नाही, बराचसा मिथेनॉलमध्येच मुरतो, पण मिश्रण तापलं की तोही निघू लागतो. १४ किलो म्हणजे तळाला राहिलेली घाण म्हणून कोणी लक्षही देणार नाही असा आकडा. 'विरघळते' वाचून पोरगा मिथेनॉलचा व्हॉल्व्ह पूर्ण उघडेल, आणि त्याची काही चूक नसेल.

आणखी एक. ड्रमात पाण्याचा अंश गेला तरी हीच गंमत, फक्त मिथाइल बेंझोएटऐवजी बेंझॉइक ॲसिड. म्हणूनच तर चार्ज करायच्या आधी सॉल्व्हंटची केएफ (कार्ल फिशर चाचणी) लावून पाणी बघतात.

---

पंचवटीकर

काका, साखरेचं उदाहरण पूर्ण खरं नाही हं. पाकात लिंबू पिळतो तेव्हा साखर तुटतेच की. आमच्याकडे दिवाळीला चिरोट्यांचा पाक लिंबाशिवाय होत नाही, नाहीतर त्यात खडे धरतात.

---

सातपूरचे_काका

बरोबर बोललात. नुसत्या पाण्यात साखर तशीच राहते म्हणायला हरकत नाही. आम्ल आणि उष्णता मिळाली की पाण्याचा रेणू सुक्रोजचे दोन भाग करतो, ग्लुकोज आणि फ्रुक्टोज. तेवढ्या मिश्रणानं पाकात खडे धरत नाहीत. तेच हायड्रोलिसिस. म्हणजे ताईंच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर पंचवटीकरांच्या स्वयंपाकघरातच निघालं.

---

प्रयोगवही

मी महाविद्यालयात हा विषय शिकवतो. थोडं व्यवस्थित मांडतो, काकांनी पाया घातलाच आहे.

सॉल्व्होलिसिस हे कुळाचं नाव. द्रावक कोण आहे त्यावरून शाखा. पाणी असेल तर हायड्रोलिसिस, अल्कोहोल असेल तर अल्कोहोलिसिस, त्यातही मिथेनॉल असेल तर मिथेनॉलिसिस, अमोनिया असेल तर अमोनोलिसिस, ॲसेटिक ॲसिड असेल तर ॲसिटोलिसिस. प्रत्येकाचं क्रियापद होतं, पण सगळी सारखी रुळलेली नाहीत. हायड्रोलाइझ सगळीकडे दिसतं, मिथेनॉलाइझ बरंच कमी. द्रावक एकच आणि माहीत असेल तर सहसा शाखेचं नाव वापरतात. द्रावक मिश्र असेल किंवा मुद्दा कुठल्याही द्रावकाला लागू असेल तिथे सॉल्व्होलाइझ येतं. तुमच्या मूळ लेखकाला 'मिथेनॉलिसिस' म्हणता आलं असतं. स्पेलिंगमध्ये एस आणि झेड दोन्ही दिसले तर गोंधळू नका, ब्रिटिश आणि अमेरिकन एवढाच फरक.

ग्लायकॉलिसिसबद्दल तुमची शंका रास्त आहे. जीवशास्त्रातलं ग्लायकॉलिसिस म्हणजे पेशीत ग्लुकोजचं टप्प्याटप्प्यानं पायरुव्हेट होणं. तिथे द्रावकाचा संबंध नाही, 'ग्लायको' म्हणजे गोड, साखर. प्लास्टिकवाल्यांचं ग्लायकॉलिसिस म्हणजे पेट बाटल्यांचा चुरा एथिलीन ग्लायकॉलमध्ये तापवून, झिंक ॲसिटेटसारखा उत्प्रेरक घालून, लांब साखळ्या तोडणं. यात साखळीला तोडणारा ग्लायकॉल. दोन वेगळ्या प्रक्रिया एकाच नावाखाली आल्यात. पत्रकात 'एथिलीन ग्लायकॉलने पेटच्या साखळ्या तोडणे' असं लिहा, वाद मिटला.

आता तोडणारा नेहमी द्रावकच का? व्याख्येनं हो. पण तो किती पुढाकार घेतो हे पदार्थावर ठरतं, आणि हा भाग मला फार आवडतो. टर्शरी ब्यूटाइल क्लोराइड घ्या. बी.एस्सी.च्या प्रात्यक्षिकात ते पाणी-अल्कोहोलच्या मिश्रणात टाकून थोड्या अल्कलीनं आणि दर्शकाच्या रंगबदलानं वेग मोजतात. अल्कली दुप्पट केली तरी अभिक्रियेचा वेग तोच राहतो, कारण वेग ठरवणाऱ्या पायरीत अल्कली नसतेच. आधी क्लोराइड आपण होऊन सुटतो, मागे कार्बोकॅटायन (धन भार असलेला कार्बनचा आयन) राहतो, आणि मग शेजारचा द्रावक त्याला धरतो. ह्यूज आणि इनगोल्ड या रसायनशास्त्रज्ञांनी १९३० च्या दशकात लंडनमध्ये अशा अभिक्रियांची वर्गवारी लावली. इथे द्रावक दोन कामं करतो: सुटणाऱ्या आयनांना आधार देतो आणि शेवटी जोडलाही जातो.

पहिलं काम किती मोठं आहे? ग्रुनवाल्ड आणि विन्स्टीन यांनी १९४८ मध्ये याच क्लोराइडचा वेग वापरून द्रावकांची मोजपट्टी केली. ८० टक्के इथेनॉल हा त्यांचा शून्य. त्या पट्टीवर शुद्ध इथेनॉल उणे २.०३ वर आणि पाणी ३.४९ वर. पट्टी लॉगची आहे, एक अंक वर म्हणजे दहा पट वेग, म्हणजे इथेनॉलऐवजी पाणी घेतलं तर तीच अभिक्रिया सुमारे तीन लाख पट वेगानं होते. 'द्रावक बदलला' हे दोन शब्दांत लिहून होतं, अभिक्रिया मात्र पार बदलून जाते.

बेंझॉइल क्लोराइडमध्ये यंत्रणा थोडी वेगळी आहे, तिथे कार्बोनिल कार्बनवर द्रावकाचा हल्ला महत्त्वाचा ठरतो. तुमच्या पत्रकाला त्या तपशिलाची गरज नाही.

---

मृद्गंध_नाशिक

सर, काका, खूप आभार. ते प्रात्यक्षिक मी केलंय! रंग जायची वाट बघत बसायचो, वेग का बदलत नाही हे मात्र आज कळलं.

एक उपप्रश्न. सॉल्व्होलाइझ झालं म्हणजे द्रावक जोडला गेलाच, असं धरायचं का?

---

प्रयोगवही

नाही. ८० टक्के इथेनॉलमध्ये टर्शरी ब्यूटाइल क्लोराइडपासून तीन गोष्टी मिळतात. पाणी जोडलं गेलं तर टर्शरी ब्यूटाइल अल्कोहोल, इथेनॉल जोडलं गेलं तर ईथर, आणि काही रेणूंमधून नुसता प्रोटॉन निघून आयसोब्युटिलीन वायू. तिसऱ्यात द्रावक कुठेच जोडलेला नाही, तरी सगळ्याला मिळून सॉल्व्होलिसिसच म्हणतात. हे क्रियापद कारण सांगतं, काय तयार होईल ते सांगत नाही. म्हणून पत्रकात काय तयार होतं ते वेगळं लिहायलाच हवं.

---

पंचवटीकर

वड्याच्या जुन्या तेलाचं बायोडिझेल करतात तेही यातच येतं का? माझ्या मेव्हण्याचा फरसाणाचा धंदा आहे, तेल गोळा करणारे येतात त्याच्याकडे.

---

प्रयोगवही

येतं, थोडं ताणून. तेलाच्या एका रेणूवर मिथेनॉलचे तीन रेणू खर्ची पडतात, तीन मिथाइल एस्टर आणि एक ग्लिसरीन मिळतं. प्रत्यक्षात मिथेनॉल सहाच्या आसपास घेतात, अभिक्रिया पुढे ढकलायला. पण तेल आणि मिथेनॉल सुरुवातीला नीट मिसळतच नाहीत, म्हणून त्याला द्रावक म्हणताना मी अडखळतो. मिथेनॉलिसिस किंवा ट्रान्सएस्टरिफिकेशन म्हणणं बरं. तळणाच्या तेलात पाणी आणि मोकळी मेदाम्लं असतात, त्यांनी उत्प्रेरक खाऊन साबण होतो. मेव्हण्यांना सांगा, तेलात पाणी जाऊ देऊ नका.

---

सातपूरचे_काका

ताई, मराठी क्रियापदाबद्दल. शाळेच्या पुस्तकात अपघटन आहे, विश्वकोशाच्या वळणाचे लोक विच्छेदन म्हणतील. लेखात काहीही चालेल. भिंतीवर नको.

त्याहून माझं लक्ष 'मध्ये' या शब्दावर आहे. इंग्रजीत पदार्थ मिथेनॉल'मध्ये' सॉल्व्होलाइझ होतो असंच लिहितात, तिथे क्रियापदच सांगतं की मिथेनॉल हात घालणार आहे. मराठीत 'मिथेनॉलमध्ये' म्हटलं की मिथेनॉल नुसती जागा होते, पदार्थ त्यात पडलाय एवढंच. तुम्ही 'विरघळते' काढून 'तुटते' केलंत तरी 'मध्ये' ठेवलं तर वाचणाऱ्याला वाटेल की माल आपोआप तुटतोय. 'मिथेनॉलशी' लिहा. प्लँटवर आम्ही तोंडीही तसंच बोलायचो: पाण्याशी लागतं, मिथेनॉलशी लागतं. नव्या पोराला एवढ्यावर कळायचं.

---

कडू_कारलं

काका, हे पटलं. द्रावकापघटित मागे घेतो.

---

मृद्गंध_नाशिक

असं लिहिलंय, बघा:

'रिअ‍ॅक्टरमध्ये उरलेल्या बेंझॉइल क्लोराइडची मिथेनॉलशी अभिक्रिया होते. ते नुसते विरघळत नाही, तुटते. त्यातून मिथाइल बेंझोएट तयार होते, हायड्रोजन क्लोराइड वायू सुटतो आणि मिश्रण तापते. मिथेनॉल हळूहळू सोडावे. स्क्रबर चालू ठेवावा.'

मिठाच्या वाक्यात 'विरघळते' तसंच ठेवलंय.

---

प्रयोगवही

रसायनशास्त्र बरोबर. 'नुसते विरघळत नाही, तुटते' हे ठेवाच.

---

सातपूरचे_काका

दोन दुरुस्त्या. शेवटची दोन वाक्यं उलटी करा. पत्रक वाचत वाचत काम करतात लोक, वरचं आधी करतात. 'स्क्रबर चालू आहे आणि व्हेंट लाइन उघडी आहे याची खात्री करावी' हे पहिलं, मिथेनॉल नंतर. आणि 'हळूहळू' काढा, प्रत्येकाचं हळूहळू वेगळं असतं. मिनिटाला किती लिटर आणि किती तापमानाला थांबायचं, हे दोन आकडे कंपनीच्या प्रोसेसवाल्यांकडून लेखी घ्या. आमच्यापैकी कुणाचे आकडे घालू नका, माझेसुद्धा नाही. त्यांचा रिअ‍ॅक्टर केवढा, जॅकेटला चिल्ड वॉटर आहे की साधं, आपल्याला काय ठाऊक.

---

मृद्गंध_नाशिक

क्रम बदलला. आकड्यांसाठी त्यांना आत्ताच मेल केलाय, ते येईपर्यंत पत्रक देत नाही.