काळ मंदावणारा डोह कथेत कसा उभा करावा?

प्रश्न

मी एक दीर्घकथा लिहीत असून तिच्यात डोंगरांनी वेढलेला एक खोलगट प्रदेश आहे, ज्याला कथेतली माणसे ‘काळडोह’ म्हणतात. तिथे काळ चोवीस पटींनी मंद वाहतो; आत एक तास घालवून परतणाऱ्याला बाहेर पूर्ण दिवस उलटलेला आढळतो. डोह कसा निर्माण झाला हे मला सांगायचे नाही, परंतु काठावरच्या माणसाला आतले आणि आतल्याला बाहेरचे काय दिसेल, याबाबत चूक होऊ नये असे मनापासून वाटते. एका प्रसंगात नायिका काठावर बसून आत गेलेल्या भावाकडे पाहते आणि त्याचे एकेक पाऊल अतिशय सावकाश उचलले जाताना तिला दिसते. हा प्रसंग टिकेल का?

पहिले उत्तर

टिकणार नाही, कारण तिला भाऊ दिसणारच नाही. प्रकाश ही लहर आहे आणि काठ ओलांडताना लहरींची शिखरे वाटेत नाहीशी होत नाहीत. आत एका तासात निघालेली शिखरे बाहेर पोहोचायला दिवस घेत असतील, तर त्यांची तरंगलांबी चोवीस पट वाढलीच पाहिजे. आतल्या दिव्याचा ४०० ते ७०० नॅनोमीटरचा प्रकाश बाहेर येताना सुमारे १० ते १७ मायक्रोमीटरचा, म्हणजे डोळ्यांना न दिसणारा अवरक्त होईल.

आतून याच्या अगदी उलट घडेल, आणि ते अधिक भयंकर आहे. साधारण ३०० केल्विन तापमानाचे खडक जी उष्णता सोडतात, ती आतल्या माणसाला ७,२०० केल्विनच्या पदार्थाच्या प्रकाशासारखी भासेल. सूर्याचा पृष्ठभागही सुमारे ५,८०० केल्विनचाच असतो. खुद्द सूर्यप्रकाशाचे रूपांतर अतितीव्र अतिनील किरणांत होईल. आतल्या प्रत्येक तासात बाहेरच्या दिवसभराचा प्रकाश पोहोचणार आणि त्यातल्या प्रत्येक प्रकाशकणाची ऊर्जा चोवीस पट असणार, म्हणजे ऊर्जेचा ओघ ५७६ पट. काठालगतची हवा भट्टीसारखी तापेल. भावाला डोहात पाय ठेवणेच अशक्य आहे.

दुसरे उत्तर

वरील हिशोब बरोबर आहे, पण त्याहून मूलभूत अडचण वजनाची आहे. सामान्य सापेक्षता सिद्धान्तानुसार काळाच्या गतीतला चढउतार आणि वस्तूंचे खाली पडणे या वेगळ्या गोष्टी नाहीत. पृथ्वीवर एक मीटर उंच ठेवलेले घड्याळ इतके किंचित जलद चालते की एका सेकंदाचा फरक पडायला सुमारे २९ कोटी वर्षे लागतील. २०१० साली अवघ्या ३३ सेंटीमीटर उंचीने पडणारा असा फरक प्रकाशीय अणुघड्याळांनी मोजून दाखवला गेला. हातातला दगड सुटून खाली पडतो तो एवढ्याशा उतारामुळे. मग एक किलोमीटरच्या पट्ट्यात चोवीस पटींचा उतार मांडला, तर ओढ पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे २९ लाख कोटी पट निघते.

तेव्हा या डोहात काळ मंदावतो पण ओढ निर्माण होत नाही, एवढी एकच सूट कथेने घ्यावी आणि ती सुरुवातीलाच उघडपणे घ्यावी. शिखरांच्या मोजणीला मात्र सूट देऊ नये.

तिसरे उत्तर

दोघांशीही मी सहमत आहे, तरीही डोह सोडून देऊ नका; आकडा बदला. रैवत ककुद्मी राजाच्या पुराणकथेत ब्रह्मलोकातले गायन संपेपर्यंत पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटतात आणि ते खटकत नाही, कारण त्या दोन लोकांना सामायिक काठच नाही. आपल्या कथेत काठ आहे, त्यावर माणसे उभी आहेत, म्हणून फरक त्यांना सोसेल एवढाच हवा.

समजा, डोहातला काळ केवळ दोन टक्के मंद आहे. मग ५५० नॅनोमीटरचा प्रकाश बाहेर ५६१ नॅनोमीटरचा होईल, जे डोळ्यांना क्वचितच जाणवेल. आत ४४० हर्ट्झवर लावलेली तार बाहेर ४३१ हर्ट्झला ऐकू येईल. एखाद्या तयार कानाच्या गायकालाच ती उतरलेली वाटेल. काठावर हात आत घालून बसलेल्या माणसाच्या रक्ताभिसरणाला धोका राहणार नाही. चोवीस पटींच्या डोहात त्या हाताला रक्त पोहोचणे कठीण झाले असते.

मला सर्वांत महत्त्वाचे वाटते ते पुढेच. आतली माणसे दिवस सूर्यावरूनच मोजणार, त्यामुळे त्यांच्या आणि बाहेरच्यांच्या तिथ्या कधीच चुकणार नाहीत. फक्त त्यांचा दिवस त्यांच्या शरीराच्या मापाने २३ तास ३१ मिनिटांचा असेल. बाहेरच्यांना ती किंचित संथ वाटतील, दिवसाकाठी त्यांचे काम थोडे कमी उरकेल, आणि पन्नास वर्षांनी ती एका वर्षाने तरुण असतील. त्याचे श्रेय लोक तिथल्या हवापाण्याला देतील. काळाचा संशय पिढ्यान्‌पिढ्या कोणालाही येणार नाही.

प्रश्नकर्त्याचे प्रत्युत्तर

आपणा तिघांचा अत्यंत आभारी आहे. भाऊ-बहीण आता जुळी करतो आणि भावाला आतच स्थायिक करतो. एवढेच विचारायचे राहते की हे गुपित प्रथम कोणाच्या लक्षात यावे?

तिसरे उत्तर देणाऱ्याकडून

घड्याळ बाळगणाऱ्या पाहुण्याच्या. त्याचे चोख घड्याळ डोहात सूर्याच्या मानाने रोज सुमारे २९ मिनिटे मागे पडेल आणि तो ते बिघडले असे समजून बाहेर दुरुस्तीला नेईल, जिथे कारागिराला त्यात काहीच दोष सापडणार नाही. दुसऱ्या खेपेला त्याने दोन घड्याळे आणावीत आणि एक बहिणीकडे ठेवावे.