बँकॉकमधील अपूर्ण टॉवर भूकंपात कोसळला: मुंबईत बांधकाम चालू असलेल्या इमारतीबाबत आपण काय विचारावे?

कन्नमवारनगरकर

नमस्कार. विक्रोळीच्या कन्नमवारनगरमधील आमच्या म्हाडाच्या जुन्या इमारतीचा पुनर्विकास चालू असून नव्या टॉवरचा आरसीसी सांगाडा आता विसाव्या मजल्याच्या पुढे गेला आहे. आम्ही सर्व सभासद तोवर भाड्याच्या घरांत आहोत. २८ मार्च २०२५ रोजी म्यानमारमध्ये ७.७ क्षमतेचा भूकंप झाला आणि तिथून हजार किलोमीटरहून अधिक दूर असलेल्या बँकॉकमध्ये चाटुचाक भागातील तीसेक मजल्यांची, बांधकाम चालू असलेली सरकारी इमारत काही सेकंदांत जमीनदोस्त झाली. त्या चित्रफिती पाहिल्यापासून आमच्या सभांमध्ये हा विषय वारंवार निघतो आहे.

माझा पहिला प्रश्न असा की, ती इमारत अपूर्ण होती म्हणूनच पडली का? तसे असेल तर आमचा टॉवरही पुढची काही वर्षे तितक्याच धोक्यात उभा आहे असे मानावे लागेल. दुसरे असे की, त्याच शहरात शेकडो उंच इमारती हलल्या आणि तरीही उभ्या राहिल्या. मग नेमकी हीच का कोसळली? आमच्या विकासकाच्या प्रतिनिधीने सभेत एवढेच सांगितले की मुंबई भूकंपप्रवणतेच्या झोन तीनमध्ये येते, त्यामुळे काळजीचे कारण नाही. या उत्तराने समाधान झालेले नाही. जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

ओळंबा

मी स्ट्रक्चरल डिझाइनच्या क्षेत्रात काम करतो, म्हणून आधी पहिल्या प्रश्नाकडे वळतो. त्या इमारतीचा भार वाहणारा सांगाडा दुर्घटनेच्या साधारण वर्षभर आधीच माथ्यापर्यंत पोहोचला होता आणि नंतर मुख्यतः आतली व बाहेरची उरलेली कामे चालू होती. काँक्रीटची ताकद आपण २८ दिवसांची धरतो, त्यामुळे खालच्या मजल्यांचे काँक्रीट कच्चे होते असे म्हणता येत नाही. शिवाय भूकंपाचे बल वस्तुमानाच्या प्रमाणात येते आणि माणसे, फर्निचर व फरशा नसलेली इमारत पूर्ण इमारतीपेक्षा हलकीच असते. विटांच्या किंवा ब्लॉकच्या भिंतींमुळे थोडा ताठरपणा वाढतो हे खरे, पण कोणताही जबाबदार डिझायनर त्या भिंतींच्या भरवशावर तीस मजले उभे करत नाही. त्यामुळे अपूर्णतेचा वाटा मला फारच थोडा वाटतो. त्या दिवशी बँकॉकमध्ये इतरही अनेक टॉवर बांधकामाच्या अवस्थेत होते आणि ते उभे राहिले, ही गोष्ट अधिक बोलकी आहे.

मग हीच का? उंच इमारतीत आडवे बल मुख्यतः लिफ्ट आणि जिन्याभोवतीच्या काँक्रीटच्या भिंती, म्हणजे शिअर वॉल किंवा लिफ्टचा कोअर, पेलत असतात. या इमारतीत स्लॅब बीमशिवाय थेट कॉलमवर टेकवलेले होते, म्हणजे फ्लॅट स्लॅब पद्धतीचे होते. त्या पद्धतीत मजल्यांची उंची वाचते आणि सेंटरिंगचे काम लवकर होते, परंतु कॉलम आणि स्लॅब यांच्या सांध्याला आडवे बल फारसे पेलत नाही. कॉलम स्लॅबमधून आरपार घुसण्याचा धोका असतो आणि एक स्लॅब सुटला की त्याचा भार खालच्या स्लॅबवर आदळत जातो. म्हणूनच अशा इमारतीत कोअर अत्यंत भक्कम आणि शक्यतो मध्यभागी असावा लागतो. इथे तो एका बाजूला होता, त्यामुळे हादऱ्यात इमारतीला पीळ पडला असावा, यावर अनेक अभियंत्यांनी बोट ठेवले. कोअरच्या काही भिंतींची जाडी काम चालू असताना ३० वरून २५ सेंटीमीटर करण्यात आली होती, ही माहितीही पुढे आली. जून २०२५ मध्ये थायलंडच्या सरकारने तपासाचे निष्कर्ष सांगताना कोअरच्या भिंतींच्या डिझाइनमधील आणि प्रत्यक्ष बांधकामातील दोषांकडेच निर्देश केला. ढिगाऱ्यातील सळ्यांचे काही नमुने चाचणीत मानकाला उतरले नाहीत, हेही त्यापूर्वी जाहीर झाले होते. आणि ही इमारत देशाच्या सरकारी खर्चाचा हिशेब तपासणाऱ्या लेखापरीक्षण कार्यालयासाठी बांधली जात होती.

काळा पाषाण

भूशास्त्राच्या बाजूने थोडी भर घालतो. म्यानमारमधील सागाइंग प्रस्तरभंग, म्हणजे भूकवचातील भेग, चारशे किलोमीटरहून अधिक लांबीत सरकला. एवढ्या मोठ्या भूकंपातून निघालेल्या लहरींपैकी जलद कंपने वाटेतच विरतात, पण सावकाश झुलवणारी, एका झोक्याला काही सेकंद घेणारी (म्हणजे तेवढ्या आवर्तनाची) कंपने फार दूरवर टिकतात. बँकॉक मऊ चिकणमातीवर आणि तिच्याखालच्या शेकडो मीटर जाडीच्या गाळावर वसलेले आहे, आणि असा गाळ नेमकी हीच संथ कंपने वाढवतो. ढोबळ हिशेबाने मजल्यांच्या संख्येला दहाने भागले की इमारतीच्या स्वाभाविक झुलण्याचा काळ सेकंदांत मिळतो. तीस मजल्यांना तो तीन सेकंदांच्या आसपास येतो. त्यामुळे चार मजल्यांच्या घरांना फारसे काही झाले नाही आणि गगनचुंबी इमारतींच्या छतांवरील जलतरण तलावांचे पाणी मात्र धबधब्यासारखे खाली कोसळले. १९८५ साली मेक्सिको सिटीतही केंद्र साडेतीनशे किलोमीटरहून अधिक दूर असताना जुन्या तळ्याच्या गाळाने असाच घात केला होता. तिथे गाळाचे आवर्तन दोन सेकंदांच्या जवळ असल्याने मध्यम उंचीच्या इमारती सर्वाधिक पडल्या.

मुंबईचा पाया बेसॉल्टचा आहे आणि बहुतेक ठिकाणी तो फार खोल नाही, त्यामुळे बँकॉकची परिस्थिती इथे जशीच्या तशी लागू करू नये. मात्र भराव घालून केलेल्या जमिनी आणि ठाणे खाडीच्या काठची सागरी चिकणमाती यांचे वर्तन खडकासारखे नसते. कन्नमवारनगर खाडीच्या बाजूला आहे, म्हणून तुमच्या भूखंडाचा मृदा परीक्षण अहवाल आणि पाइल, म्हणजे पायासाठी जमिनीत खोल घातलेले खांब, खडकात किती आत उतरवले आहेत याची नोंद अवश्य पाहावी. झोन तीन म्हणजे मध्यम धोका. धोका नाही असा त्याचा अर्थ नव्हे. १९६७ चा कोयनेचा भूकंप मुंबईला चांगलाच जाणवला होता आणि २६ जानेवारी २००१ रोजी कच्छचा हादराही, साडेपाचशे किलोमीटरवरून, इथल्या उंच इमारतींना जाणवला होता.

हौशी वाचक

एक शंका आहे. मुंबईत उंच टॉवरच्या डिझाइनमध्ये वाऱ्याचे बल भूकंपाच्या बलापेक्षा मोठे निघते असे ऐकले आहे. तसे असेल तर वाऱ्यासाठी बांधलेली इमारत भूकंप आपोआप सोसेल, नाही का?

ओळंबा

आकडे तसे निघतात हे खरे, पण निष्कर्ष तसा निघत नाही. वाऱ्याच्या पूर्ण बलाखाली इमारत न दुखावता राहावी अशी अपेक्षा असते. भूकंपाचे बल मात्र आपण आयएस १८९३ या भूकंपविषयक भारतीय मानकानुसार तीन ते पाचने भागून, कमी करून घेतो, कारण मोठ्या हादऱ्यात सांगाडा थोडा दुखावेल, वाकेल, पण तुटणार नाही असे गृहीत धरलेले असते. हे वाकणे आपसूक मिळत नाही. ते आयएस १३९२० या दुसऱ्या मानकातील सळईच्या तपशिलांतून येते. कॉलमच्या रिंगा, म्हणजे उभ्या सळ्यांभोवतीची आडवी कडी, टोकांजवळ जवळजवळ असणे, त्यांचे हुक १३५ अंशांत वळवून आतल्या काँक्रीटमध्ये रुतवणे, सळ्यांचे जोड भलत्या ठिकाणी न देणे, या सर्व गोष्टी झोन तीनमध्येही बंधनकारक आहेत. साइटवर ९० अंशांचा हुक वाकवणे सोपे जाते, म्हणून नेमके हेच काम ढिले पडते, आणि काँक्रीट ओतल्यानंतर ते कोणालाच दिसत नाही.

तुमच्या इमारतीबाबत मला बँकॉकपेक्षा अहमदाबादचे उदाहरण जवळचे वाटते. २००१ मध्ये भूकंपाच्या केंद्रापासून दोनशे किलोमीटरहून अधिक दूर असलेल्या त्या शहरात ज्या बहुमजली इमारती पडल्या, त्यांतील अनेकींचा तळमजला पार्किंगसाठी मोकळा ठेवलेला होता. वरचे मजले भिंतींनी ताठर आणि खाली नुसते खांब. आज मुंबईत मिवान शटरिंगमुळे (भिंती आणि स्लॅब एकत्र ओतण्याचे ॲल्युमिनियमचे साचे) सदनिकांच्या जवळपास सर्वच भिंती काँक्रीटच्या होतात आणि वरचा भाग पेटीसारखा भक्कम बनतो, ही चांगली गोष्ट आहे. पण त्याच भिंती पोडियमच्या, म्हणजे टॉवरखालच्या पसरट मजल्यांच्या, पार्किंगमध्ये गाड्यांना अडतात म्हणून तिथे थांबवल्या जातात आणि त्यांचा भार जाड आडव्या तुळईवर, म्हणजे ट्रान्सफर गर्डरवर, घेतला जातो. किती भिंती थेट पायापर्यंत उतरतात, हा तुम्ही विकासकाच्या सल्लागाराला विचारण्याचा पहिला प्रश्न आहे. पन्नास मीटरपेक्षा उंच इमारतींसाठी आयएस १६७०० हे २०१७ मध्ये प्रथम आलेले मानक आहे. डिझाइन त्यानुसार झाले आहे का आणि त्याची तपासणी दुसऱ्या स्वतंत्र सल्लागाराने केली आहे का, हे लेखी मागा.

चिटणीस

आमच्या सोसायटीचा पुनर्विकास पार पडला आहे, म्हणून कागदपत्रांविषयी लिहितो. महारेराच्या, म्हणजे राज्याच्या गृहनिर्माण नियामक प्राधिकरणाच्या, संकेतस्थळावर प्रकल्पाची प्रगती आणि अभियंत्याची प्रमाणपत्रे चढवलेली असतात, ती डाउनलोड करून ठेवा. बांधकामाच्या गुणवत्तेसंबंधीचा नमुना २अ असतो, तो विशेषतः पाहा. विकत घेणाऱ्या ग्राहकाला ताब्यानंतर पाच वर्षांपर्यंत संरचनात्मक दोष विनामूल्य दुरुस्त करून घेण्याचा हक्क रेरा कायद्याच्या कलम १४ ने दिला आहे, पण पुनर्विकासातील मूळ सभासदांना हे संरक्षण तसेच मिळते का यावर वाद होत आलेला आहे. म्हणून ही जबाबदारी विकास करारनाम्यातच स्वतंत्रपणे लिहिलेली असावी. नसेल तर पूरक करार करून घ्या. क्यूब टेस्टचे (काँक्रीटच्या ठोकळ्यांची ताकद चाचणी) आणि सळ्यांच्या चाचणीचे अहवाल सोसायटीने नेमलेल्या पीएमसीमार्फत (प्रकल्प व्यवस्थापन सल्लागार) दर महिन्याला मागवा, आणि पीएमसीचा अभियंता केवळ सभेला येतो की स्लॅब भरण्याआधी सळ्या तपासून सही करतो, याची खात्री करा.

कन्नमवारनगरकर

सर्वांचे आभार. पोडियममधील भिंतींचा प्रश्न आमच्यापैकी कोणाच्याही मनात आला नव्हता. पुढील सभेच्या विषयपत्रिकेत मृदा अहवाल, पाइलच्या नोंदी आणि स्वतंत्र डिझाइन तपासणी हे विषय घालत आहे. एक शेवटची विचारणा: जे मजले भरून झाले आहेत, त्यांच्या रिंगा आता कशा तपासायच्या?

ओळंबा

रिबार स्कॅनरने काँक्रीटच्या आतील सळ्यांमधील अंतर आणि कव्हर, म्हणजे सळ्यांवरील काँक्रीटचा थर, बऱ्यापैकी कळते. हुकचा कोन मात्र त्यातून कळत नाही. त्यासाठी स्लॅब भरण्याआधी काढलेली छायाचित्रे आणि पीएमसीची तपासणी पत्रके मागा. खालच्या चार-पाच मजल्यांपासून सुरुवात करा, कारण सर्वाधिक ताण तिथेच येतो. पत्रके नसतील तर निवडक कॉलमचे कव्हर फोडून पाहण्याचा आग्रह धरा. ती जागा पुन्हा नीट भरता येते आणि तो खर्च फार मोठा नसतो.