मदत हवी आहे: डावा हात वर केला तरी लॅब्राडोर उजवीकडूनच वळते

मंडळी, मी मिनेसोटात राहते. जाई आमची काळी लॅब्राडोर. शिकारीत पडलेलं बदक आणून देण्यात पटाईत, एकेसीची (अमेरिकन केनेल क्लब) ज्युनिअर हंटर पदवीही मिळाली. आता सीनिअरची तयारी चालू आहे. त्यात ब्लाइंड असतात, एक जमिनीवर, एक पाण्यात. पक्षी कुठे आहे ते मला ठाऊक, तिने पडताना पाहिलेला नसतो. शिट्टीवर बसवायचं आणि लांबूनच हाताने दिशा द्यायची.

अंगणात बेसबॉलची मांडणी करते: जाई मधोमध, तोंड माझ्याकडे, दोन्ही बाजूंना आणि पाठीमागे डमींचे (पक्ष्याऐवजी सरावाला वापरायच्या वस्तू) ढीग. हात आडवा केला की 'ओव्हर' (त्या बाजूला जा) चोख. घोळ 'बॅक'चा (मागे जा). उजवा हात वर केला की माझ्या उजव्या बाजूने वळून मागे पळते, ते बरोबरच. पण डावा हात वर केला तरी त्याच बाजूने! अंगणात ढिगापर्यंत पोचते, म्हणून चालून जातं. तळ्यात मात्र काठ माझ्या उजवीकडे असला की वळता वळता तिला तो दिसतो आणि बाईसाहेब थेट जमिनीवर.

उलटी वळली तरी जाऊ द्यावं की थांबवावं? सारखं थांबवलं तर शिट्टी नसतानाही मागे वळून माझ्याकडे बघत बसेल (इथे याला पॉपिंग म्हणतात), ही धास्ती आहे. सरावाला माझं जॅकेट पांढरं असतं, टेस्टला गडद कपडे, त्यामुळे तर नसेल? ई-कॉलर (विजेचा झटका देणारा पट्टा) नको आहे.

भारतात वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकार बंद, त्यामुळे पुण्यात विचारायला कोणी नाही. पण पोलीस किंवा शोध-बचावाचे कुत्रे हाताळणारे कोणी असतील तर त्यांनीही सांगावं.

प्रतिसाद:
कपड्यांचा संबंध नाही ताई, अंगणातही तेच करते ना? मागे एकच ढीग आहे, कुठूनही वळली तरी डमी मिळतोच. मग हाताकडे बघेल कशाला? मागे दोन ढीग करा, डाव्या आणि उजव्या कोपऱ्यात तिरके. डमी पांढरे घ्या, नारिंगी रंग हिरव्या गवतात कुत्र्याला उठून दिसत नाही. जाईला कुंपणालगत बसवा, कुंपण तुमच्या उजव्या हाताला. वळायला एकच बाजू उरते. सुरुवात अगदी जवळून, आणि हात वर करताना त्याच बाजूला एक पाऊल टाका. मग हळूहळू अंतर वाढवा, शेवटी कुंपण सोडा.

उलटी वळली तर वळतानाच थांबवा, पळत सुटल्यावर नको. परत जागेवर आणून तोच हात. बरोबर वळली की शिट्टी न वाजवता ढिगापर्यंत जाऊ द्या, पॉपिंगची भीती राहणार नाही. तोवर तळं बंद.

धागाकर्ती:
आभार! कुंपणापलीकडे शेजाऱ्यांचा बीगल असतो, जाईचं सगळं लक्ष तिकडे. गॅरेजची भिंत चालेल?

प्रतिसाद:
पळेल. भिंत उलट बरी.