मदत हवी आहे: खड्ड्यांभोवती रांगोळी काढून निषेध करायचा आहे

शेजारचे आजोबा (वय ७४) नगरपालिकेच्या रस्त्यावरच्या खड्ड्यांभोवती रविवारी सकाळी रांगोळी काढणार आहेत. तक्रारी देऊन झाल्या. गुडघे दुखतात, खाली बसवत नाही. रांगोळी किती लागेल? आणि नुसते फोटो छापून न येता काम हलावं म्हणून काय करावं?

खडीवाला:
मीटरभर रुंद खड्ड्याभोवती दोन बोटांचा पट्टा काढायला अर्धा किलो पुरते. कमरेइतका पाऊण इंची पीव्हीसी पाइप घ्या, वर नरसाळं बसवा. उभ्याउभ्या रेघ येते. रांगोळी आधी उन्हात वाळवून चाळा, दमट राहिली की पाइपात तुंबते. रस्ता ओला असेल तर बेत पुढे ढकला. ऑइलपेंट नको, विद्रूपीकरणाच्या कायद्यावर बोट ठेवायला साहेबांना आयतं निमित्त मिळतं. आणि खड्ड्यात झाड लावायची हौस तर नकोच. रात्री दुचाकीवाला त्यावर आपटला तर प्रकरण आजोबांवरच शेकेल.

अर्जफाटे:
फुलं-मोर राहू द्या. प्रत्येक खड्ड्याशेजारी ठळक आकड्यांत तक्रार क्रमांक आणि तारीख काढा. खड्ड्यावर काठी आडवी टाकून मधोमध टेप उभी धरा, म्हणजे फोटोत खोली वाचता येते. मागे विजेचा खांब क्रमांकासकट यावा. फोटोआधी कुणी हौसेने खडी ओतली तर पुरावा गेला.

सोमवारी माहिती अधिकाराचा अर्ज टाका. १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, विषय एकच, मजकूर १५० शब्दांत. त्या रस्त्याचा कार्यादेश (ठेकेदाराला काम दिल्याचा आदेश), मोजमाप पुस्तिका (झालेल्या कामाच्या मापांची नोंदवही) आणि दोषदायित्व कालावधीची, म्हणजे ठेकेदारावर दुरुस्तीची जबाबदारी असण्याच्या मुदतीची, अखेरची तारीख मागा. ‘खड्डे का बुजवले नाहीत’ असं विचारलंत की ‘ही माहितीच्या व्याख्येत बसत नाही’ हे ठरलेलं उत्तर येतं. कालावधी चालू असेल तर दुरुस्ती ठेकेदाराने स्वखर्चाने करायची असते, मग ‘निधी नाही’ हे तुणतुणं चालत नाही. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर पहिलं अपील, शुल्क २० रुपये.

धागाकर्ता:
रस्ता आमचा नाही, बांधकाम खात्याचा, म्हणाले तर?

अर्जफाटे:
लेखी द्या म्हणावं. माहिती अधिकार कायद्याच्या कलम ६(३)प्रमाणे अर्ज ५ दिवसांत योग्य कार्यालयाकडे पाठवणं त्यांचंच काम आहे.

खडीवाला:
आदल्या दिवशी पोलीस ठाण्यात साधं पत्र देऊन पोच घ्या. वाहतूक अडवू नका. एकाने २० पावलं अलीकडे लाल कापड धरून उभं राहावं, आणि आजोबांचं तोंड येणाऱ्या गाड्यांकडे हवं.